दावा डिसमिस झालाय, नवा टाकू की जुनाच परत चालू करून घेऊ?

पत्र एका ताईंचं आहे, माहेर सातारा जिल्ह्यातलं, राहायला डोंबिवलीत. थोडक्यात असं:

"वडील २००३ साली गेले, आई त्यांच्या आधीच गेली होती. आम्ही दोन भाऊ आणि मी, माझं लग्न १९९१ चं. आजोबांपासून आलेली साडेचार एकर जमीन आहे. २०१७ मध्ये वारसनोंदीला सही लागते म्हणून भावांनी मला रजिस्ट्रार ऑफिसला नेलं आणि सही घेतली. २०१८ मध्ये सातबारा काढला तेव्हा कळलं की ते हक्कसोडपत्र होतं. त्याच वर्षी तालुक्याच्या कोर्टात वाटपाचा आणि हक्कसोडपत्र रद्द करण्याचा दावा टाकला. वकील म्हणायचे एवढ्या लांबून येऊ नका, गरज लागली की फोन करतो. जून २०२४ मध्ये मिस्टरांची बायपास झाली, त्यानंतर मी त्यातच होते. मे २०२५ मध्ये घरच्या एका लग्नात भाऊ सगळ्यांसमोर म्हणाला, तुझी केस कोर्टाने काढून टाकली, आता तुझा काही हक्क राहिला नाही. मुलाने मोबाईलवर बघितलं तर जुलै २०२४ मध्येच दावा 'डिसमिस्ड इन डिफॉल्ट', म्हणजे गैरहजेरीत डिसमिस, झालाय. एक वकील म्हणतात नवा दावा टाकू, वाटपाचा हक्क कधी संपत नाही. दुसरे म्हणतात एकदा डिसमिस झाला की परत टाकता येत नाही. नात्यातला एक जण सांगतो की नव्या दाव्यात जुन्याचा उल्लेखच करू नका, कोण बघतंय. भाऊ जमीन विकायच्या बोलणीत आहे असंही कानावर आलंय. काय करू? एवढा खटाटोप करण्यासारखं आहे का?"

ताई, तुमचं पत्र दोनदा वाचलं, आणि आधी ते लग्नातलं वाक्य मनातून काढा, कारण ते खरं नाहीये. तुमचा हक्क आहे की नाही हे कोर्टाने अजून बघितलेलंच नाही. तुम्ही त्या दिवशी कोर्टात नव्हता म्हणून दावा काढून टाकला, एवढंच झालंय. पुरावा ऐकून "ताईंचा हक्क नाही" असा निकाल लागणं वेगळं आणि गैरहजेरीत दावा निघणं वेगळं, पण दोन्हीला आपण बोलताना डिसमिसच म्हणतो आणि सगळा घोळ तिथून सुरू होतो. माझ्याकडे येणारे निम्मे लोक "केस हरलो" म्हणून येतात आणि कागद बघितला की कळतं अहो हरलाच नाहीत तुम्ही, केस चाललीच नाही.

म्हणून नवा की जुना हे ठरवायच्या आधी एक काम करा, दाव्याच्या शेवटच्या आदेशाची आणि रोजनाम्याची, म्हणजे प्रत्येक तारखेला कोर्टात काय झालं त्या नोंदीची, नक्कल काढा. मोबाईलवर दिसतं ते पुरेसं नाही, तिथे नुसतं डिसमिस्ड इन डिफॉल्ट असं लिहिलेलं असतं. कोर्टाच्या नक्कल विभागात अर्ज द्या, दाव्याचा नंबर नसेल तर मुलाने ॲपवर बघितलेला १६ अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा स्वतंत्र ओळख नंबर) घेऊन जा, त्यावरून नंबर मिळतो. कोर्टाच्या फाईलमधल्या कागदांना निशाणी नंबर पडतात, दावा म्हणजे निशाणी १, त्यामुळे आदेश बहुतेक "निशाणी १ खालील आदेश" म्हणून मिळेल, अर्ध्या पानाचाच असतो. रोजनाम्यात साधारण असं लिहिलेलं असतं, "वादी व वादीचे वकील पुकारा करूनही गैरहजर. प्रतिवादीतर्फे वकील हजर. सबब दावा वादीचे गैरहजेरीत काढून टाकणेत येतो." आता यातलं मधलं वाक्य बघा, प्रतिवादीतर्फे वकील हजर. ते तिथे आहे की नाही यावर तुमचा पुढचा रस्ता ठरतो.

ते वाक्य नसेल, म्हणजे त्या दिवशी तुमच्याकडूनही कोणी नव्हतं आणि भावांकडूनही कोणी नव्हतं, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर ९ मधला रूल ३ लागतो आणि रूल ४ प्रमाणे तुम्हाला दोन्ही मोकळं आहे, मुदतीत असेल तर नवा दावा टाका नाहीतर जुना परत मूळ नंबरवर घ्यायला अर्ज द्या. पण भावांचा वकील हजर असेल तर रूल ८ आणि त्याच्यापुढचा रूल ९, आणि रूल ९ सरळ सांगतो की त्याच कारणावरून नवा दावा टाकता येणार नाही, फक्त जुना परत चालू करायचा अर्ज देता येईल. भावाला केस निघाल्याचं बरोबर माहीत होतं, त्यावरून मला वाटतं त्याचा वकील त्या दिवशी हजर असणार. पण अंदाजावर जाऊ नका, नक्कल बघा.

आता तुमचे ते दोन वकील. खरं सांगायचं तर दोघंही थोडे थोडे बरोबर आहेत आणि म्हणूनच तुम्ही गोंधळलात. पहिले म्हणतात वाटपाचा हक्क संपत नाही, ते खरंय. जमीन एकत्र आहे तोवर वाटप मागायचं कारण रोज नव्याने जिवंत राहतं, त्यामुळे निव्वळ वाटपाचा दावा गैरहजेरीत निघाला तर पुढे परत वाटप मागितलं, समोरच्याने नकार दिला, की नवा दावा चालतो असं कोर्टांनी बऱ्याच वेळा धरलंय. तुमच्या भावांनी नुसतं वाटप नाकारलं असतं आणि हक्कसोडपत्र हा कागदच नसता तर मीही म्हटलं असतं की चला, टाका नवा.

पण तुमच्या एका दाव्यात खरं तर दोन मागण्या आहेत. एक वाटप, दुसरी हक्कसोडपत्र रद्द. आणि दुसरी मागणी कायम जिवंत राहणारी नाही. दस्त रद्द करून मागायला मुदत कायद्याच्या परिशिष्टातल्या अनुच्छेद ५९ प्रमाणे ३ वर्षं आहेत, फसवणूक कळल्यापासून. तुम्हाला कळलं २०१८ मध्ये. कोरोनाच्या काळात सुप्रीम कोर्टाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला होता, तो धरला तरी ती मुदत कधीच उलटून गेलीय. जुना दावा २०१८ चा असल्यामुळे तो मुदतीत होता, आज नवा टाकला तर भावांचे वकील पहिल्याच तारखेला मुदतीचा मुद्दा काढणार. आणि हक्कसोडपत्र उभं राहिलं तर वाटप कशाचं मागणार तुम्ही, कागदावर तर तुमचा हिस्सा सोडून दिलेला आहे. कोणी सांगेल की जुना दावा चालू होता तेवढे दिवस मुदतीतून वगळून मिळतात, तर ते कलम १४ आहे आणि ते चुकीच्या कोर्टात प्रामाणिकपणे केस चालवली वगैरे अशा कारणांसाठी आहे, आपल्या गैरहजेरीत दावा निघाला त्यासाठी नाही.

त्यामुळे माझं मत स्पष्ट आहे ताई, तुमच्यासाठी जुना दावाच परत मूळ नंबरवर घ्यायचा हाच मुख्य रस्ता. त्याच कोर्टात अर्ज द्यायचा, त्याला वेगळा किरकोळ अर्जाचा नंबर पडतो, भावांना नोटीस निघते, ते त्यांचं म्हणणं देतात, मग दोन्ही बाजू ऐकून आदेश होतो. मंजूर झाला तर दावा जिथे थांबला होता तिथून सुरू, तुमचे कागद, आधी झालेला पुरावा सगळं तसंच राहतं, कोर्ट फी परत भरायची नाही, फार तर थोडाफार खर्च भरायला सांगतील. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे तारीख २०१८ ची राहते.

अडचण मुदतीची आहे. हा अर्ज डिसमिस झाल्यापासून ३० दिवसांत द्यायचा असतो आणि तुमचं जवळपास वर्ष होत आलंय. म्हणून त्याच्यासोबत विलंब माफीचा अर्ज लागेल, मुदत कायद्याचं कलम ५, प्रतिज्ञापत्रासह. इथे लोक काय करतात तर वकिलाच्या कॉम्प्युटरमध्ये आधीच पडलेला मसुदा येतो, "अर्जदार आजारी असल्याने व कायद्याचे अज्ञान असल्याने विलंब झाला", त्याच्यावर सही करून मोकळे. असं करू नका. तुमच्याकडे खरं कारण आहे आणि खरं कारण तारखांनी सांगायचं असतं. मिस्टरांना ॲडमिट कधी केलं, ऑपरेशन कधी, डिस्चार्ज कधी, त्यानंतर तपासणीला किती वेळा नेलं, वकिलांशी शेवटचं बोलणं कधी झालं, त्यानंतर कधी फोन लावला आणि उचलला गेला नाही, लग्नात भाऊ काय बोलला ती तारीख, मुलाने ॲपवर बघितलं तो दिवस, नक्कल मागितली तो दिवस. हॉस्पिटलची फाईल जोडा, वकिलांना पाठवलेले व्हॉट्सॲप मेसेज असतील तर त्यांचे प्रिंट काढा, फोन बदलू नका. कळल्याच्या दिवसापासून अर्ज देईपर्यंतचा एकेक आठवडा नीट सांगता आला पाहिजे, कारण जज साहेब मागच्या वर्षापेक्षा या शेवटच्या दोन महिन्यांकडे जास्त बारकाईने बघतात. आजारपणात राहून गेलं हे समजून घेतात, पण कळल्यावरही बसून राहिलात तर त्याला उत्तर नसतं. म्हणून पत्राच्या उत्तराची वाट बघत थांबला असाल तर आता एक दिवसही घालवू नका.

सुप्रीम कोर्टाने १९८७ मध्ये कलेक्टर लँड ॲक्विझिशन विरुद्ध कातिजी या निकालात सांगितलं होतं की विलंबाच्या अर्जाकडे उदारपणे बघावं, उशीर करून पक्षकाराचा स्वतःचा काही फायदा होत नसतो. त्याआधी १९८१ च्या रफिक विरुद्ध मुन्शीलाल मध्ये म्हटलंय की वकिलाच्या चुकीची शिक्षा निरपराध पक्षकाराला नको. हे दोन्ही निकाल तुमच्या वकिलांना तोंडपाठ असतील. पण नुसतं वकिलावर ढकलून भागत नाही हेही खरं, कोर्ट आता विचारतं की तुम्ही स्वतः चौकशी काय केलीत. म्हणून तुम्ही अधूनमधून विचारत होता याचा एखादा जरी पुरावा सापडला, फीचे पैसे पाठवल्याची जुनी नोंद, एखादा मेसेज, तरी तो सोन्यासारखा जपा.

जुन्या वकिलांबद्दल तुमच्या मनात राग आहे, पत्रात दिसतो, आणि तो चुकीचा आहे असं मी म्हणणार नाही. पण आत्ता त्यांच्याशी भांडण काढू नका. त्यांच्याकडून फाईल आणि नव्या वकिलांसाठी ना हरकत घ्यायची आहे. ते दाव्याच्या दिवशी का नव्हते ते त्यांनी स्वतः प्रतिज्ञापत्रावर सांगितलं तर तुमच्या अर्जाला मोठा आधार मिळतो, बरेच वकील तेवढी माणुसकी दाखवतात. आणि फी राहिली म्हणून फाईल अडवून ठेवता येत नाही, २००० साली आर. डी. सक्सेना विरुद्ध बलराम प्रसाद शर्मा या निकालात सुप्रीम कोर्टाने ते स्पष्ट केलंय. नाहीच दिली तरी कोर्टातून सगळ्या कागदांच्या नकला मिळतात, वेळ जातो एवढंच.

आता जमीन विकायचं. दावा निघाला की त्याच्यातला मनाई हुकूमही जातो, म्हणजे निशाणी ५ वर (मनाईच्या अर्जावर) तुम्हाला मनाई मिळाली असेल तरी आज ती चालू आहे असं धरू नका. परत चालू करायच्या अर्जासोबतच जमीन विकू नये म्हणून मनाईचा अर्ज द्या आणि तातडीने ऐकायला सांगा. सोबत स्थानिक पेपरात वकिलामार्फत जाहीर नोटीस द्या, की या गटाबद्दल वाद आहे, व्यवहार करणाऱ्याने विचार करून करावा. गावाकडे घेणारा माणूस ही नोटीस वाचतोच, आणि वाचली की पहिला प्रश्न तुमच्या भावाला विचारतो. तलाठ्याकडे लेखी हरकत देऊन पोच घ्या, फेरफाराची नोटीस निघाली तर १५ दिवसांत परत हरकत द्या. तलाठी हक्क ठरवत नाही, पण नोंद वादग्रस्त झाली की व्यवहार सहज पुढे सरकत नाही.

ते नात्यातले जे म्हणतात जुन्या दाव्याचा उल्लेख करू नका, त्यांचं अजिबात ऐकू नका. पुढे कधी नवा दावा टाकायची वेळ आलीच तर जुना दावा, त्याचा नंबर, तो कसा निघाला, हे स्वतःहून पहिल्या पानांत लिहायचं. समोर तुमचे सख्खे भाऊ आहेत, त्यांच्याकडे जुन्या दाव्याची सगळी फाईल आहे, ते पहिल्याच दिवशी ती ठेवतील आणि मग तुमचं बाकीचं खरंही कोणी ऐकणार नाही. फसवून सही घेतली हे तुमचं म्हणणं आहे ना ताई, मग तुमचा सगळा दावा तुमच्या खरेपणावर उभा आहे. त्याला स्वतःच्या हाताने तडा पाडू नका.

एवढा खटाटोप करण्यासारखं आहे का असं शेवटी तुम्ही विचारलंय, तर आहे, आणि २०१८ पेक्षा आज जास्त आहे. तुमचं लग्न १९९१ चं, त्यामुळे महाराष्ट्राने २२ जून १९९४ पासून मुलींना वडिलोपार्जित मिळकतीत हक्क दिला त्यात तुम्ही बसत नव्हता. मग ९ सप्टेंबर २००५ पासून केंद्राचा हिंदू वारसा कायदा बदलून मुलींना मुलांइतका हक्क मिळाला, पण वडील २००३ ला गेलेले, आणि २०१५ च्या फुलवती निकालाने म्हटलं होतं की त्या तारखेला वडील हयात पाहिजेत. म्हणजे तुम्ही दावा टाकला तेव्हा हिशेब असा होता की वडील आणि दोन भाऊ यांचे तीन वाटे, त्यातल्या वडिलांच्या वाट्यात तुम्ही तिघं, म्हणजे तुम्हाला नववा हिस्सा, साडेचार एकरात अर्धा एकर, २० गुंठे. ११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा निकाल आला आणि सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींनी सांगितलं की मुलीचा हक्क जन्माने आहे, वडील २००५ मध्ये हयात असायची गरज नाही. कायद्याने ठरवलेल्या २० डिसेंबर २००४ या तारखेच्या आधी रीतसर वाटप झालेलं नसेल तर आज तुमचा हिस्सा तिसरा, दीड एकर, ६० गुंठे. तुमचा दावा पुराव्यावर चालून २०१९ मध्येच निकाल लागून अंतिम झाला असता तर नंतरच्या निकालाने तो परत उघडता आला नसता. गैरहजेरीत निघाल्यामुळे तो प्रश्न अजून उघडा आहे. म्हणून दावा परत नंबरवर आला की वकिलांना पहिलं हे बघायला सांगा की २०१८ च्या दाव्यात हिस्सा किती मागितलाय, नववा लिहिला असेल तर दावा दुरुस्तीचा अर्ज लगेच द्या.

हक्कसोडपत्राचं मात्र सोपं नाही हे सांगून ठेवते. नोंदणी केलेला दस्त आहे, तुमचा फोटो आहे, अंगठा आहे, तो फसवून घेतला हे सिद्ध करायची जबाबदारी तुमच्यावर. त्या दिवशी सोबत कोण होतं, दस्त वाचून दाखवला का, मोबदला म्हणून काही लिहिलंय का आणि ते खरंच मिळालं का, हे आत्ताच एका वहीत आठवेल तसं लिहून काढा.

रूल ९ खालचा अर्ज नामंजूर झाला तर? ऑर्डर ४३ खाली जिल्हा न्यायालयात अपील आहे, ३० दिवसांत. तिथेही नाही झालं तर मग नवा दावा हा दुसरा पर्याय, आणि तेव्हा मुद्दा असा घ्यावा लागेल की कागद काय आहे हेच खोटं सांगून सही घेतली, त्यामुळे तो दस्त मुळातच निरर्थक आहे, रद्द करायची गरजच नाही. दस्ताच्या स्वरूपाबद्दलच फसवणूक असेल तर तो मुळात रद्दबातल, हे १९६८ च्या निंगव्वा विरुद्ध बायरप्पा निकालात आलंय. मुद्दा चांगला आहे पण लढून घ्यावा लागतो, तुमच्या हातात त्यापेक्षा सरळ रस्ता आहे तर आधी तो धरा.

या सदरात असेच बाकी प्रश्नही येतात म्हणून दोन ओळी त्यांच्यासाठी. दावा नामंजूर म्हणजे ऑर्डर ७ रूल ११ खाली, दाव्याच्या कागदातच दोष आहे म्हणून, फेटाळला असेल, तर दोष काढून मुदतीत नवा टाकता येतो, नाहीतर अपील. दावा स्वतः काढून घेतला असेल तर आदेशात "नव्याने दाखल करण्याची मुभा" हे शब्द आहेत का ते बघा, नसतील तर ऑर्डर २३ प्रमाणे दार बंद. हायकोर्टातल्या रिट याचिकेलाही हेच तत्त्व लागतं, १९८६ चा सरगुजा ट्रान्सपोर्टचा निकाल त्यावरच आहे. मागे एक निवृत्त शिक्षक आले होते, पेन्शनची रिट वकिलाने बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, आल्याबरोबर काढून घेतली, मुभा मागायचंच राहून गेलं. ते कागद घडी घालघालून खिशात ठेवायचे, घडीवर फाटला होता, आणि त्या दीड ओळीच्या आदेशात जे शब्द नव्हते तेच ते पुन्हा पुन्हा शोधत होते. वकील याचिका काढून घेतो म्हणाले तर त्या क्षणी विचारा, मुभा मागणार का, आणि आदेश अपलोड झाल्यावर स्वतः वाचा.

ताई, पैशांचं तुम्ही संकोचून लिहिलंय. महिलांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळायचा हक्क आहे, १९८७ चा विधी सेवा प्राधिकरण कायदा, कलम १२. तालुक्याच्या कोर्टातच विधी सेवा समितीचं ऑफिस असतं, तिथे साधा अर्ज द्यायचा, किंवा १५१०० वर फोन करा. नक्कल काढायला मुलाला पाठवणार असाल तर तुमच्या सहीचं पत्र आणि आधारची झेरॉक्स सोबत द्या, आणि नक्कल मिळाली की त्या मधल्या वाक्याचा फोटो मला पाठवा, त्या दिवशी भावांचा वकील हजर होता की नव्हता ते कळलं की अर्जाचा पहिला परिच्छेद कसा लिहायचा ते लगेच कळवते.